पंधरा रुपयांच्या पलीकडचे अण्णा साळुंके

(अलिबाग येथे वाचनालयाच्या व्याख्यानमालेत दिलेल्या स्मृतिव्याख्यानाचा मजकूर)



विषय कळवायला फोन केला तेव्हा पलीकडून पहिला प्रश्न आला, ‘साळुंके म्हणजे आपल्याकडचे का?’ तसा दावा मी करणार नाही. अण्णा हरी साळुंके मुंबईत ग्रँट रोडच्या एका खानावळीत कामाला होते. तिथून ते दादासाहेब फाळक्यांकडे गेले, आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लागला तेव्हा राणी तारामती होऊन पडद्यावर आले. भारतीय चित्रपटाची पहिली नायिका पुरुष होती. हे वाक्य सामान्यज्ञानाच्या पुस्तकात असतं आणि स्पर्धा परीक्षा देणाऱ्या मुलांना ते पाठ असतं. त्यापुढचं कुणी विचारत नाही. आज मी त्यापुढचंच बोलणार आहे.

ज्या गुरुजींच्या नावानं ही माला चालते, ते शाळेच्या गॅदरिंगला नाटक बसवायचे. आभाराच्या भाषणात पडदा ओढणाऱ्या मुलाचं नावसुद्धा आलं पाहिजे यावर ते अडून बसायचे. मुख्याध्यापक घड्याळाकडे बघायचे, पण गुरुजी ढिम्म हलायचे नाहीत. त्यांच्या मालेत साळुंक्यांसारख्या माणसावर बोलणं मला बरं वाटतं. आणि आपल्या किनाऱ्याचा या विषयाशी अगदीच संबंध नाही असंही नाही. त्याकडे मी ओघात येईन.

आधी ती प्रसिद्ध गोष्ट सांगून टाकतो, नाहीतर तुम्ही मनात तिचीच वाट बघत बसाल.

फाळके त्र्यंबकेश्वरचे. मुंबईच्या जे. जे.मध्ये आणि बडोद्याच्या कलाभवनात शिकलेले. फोटोग्राफी, ब्लॉक करणं, छपाई, जादूचे प्रयोग, सगळं करून झालेलं. मुंबईत ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला आणि पडद्यावर आपले राम-कृष्ण दिसले पाहिजेत हे वेड त्यांच्या डोक्यात शिरलं. १९१२च्या सुरुवातीला ते विलायतेला गेले, विल्यमसन कंपनीचा कॅमेरा आणि फिल्मला कडेची भोकं पाडायचं यंत्र घेऊन परत आले. दादरच्या बंगल्यात काम सुरू झालं. हरिश्चंद्राच्या भूमिकेला दत्तात्रय दामोदर दाबके मिळाले, विश्वामित्राला गजानन साने, रोहिदासाला घरचाच मुलगा भालचंद्र. अडलं ते तारामतीपाशी. जाहिराती दिल्या, काही उपयोग झाला नाही. नाचगाणं करणाऱ्या, बदनाम वस्तीतल्या बायकांकडे जाऊन विचारलं, त्यांनाही हे काम कमीपणाचं वाटलं. शेवटी खानावळीत चहा घेताना फाळक्यांची नजर एका सडपातळ, नाजूक बोटांच्या पोऱ्याकडे गेली. त्याला तिथे महिन्याला १० रुपये मिळत होते. फाळके म्हणाले, १५ देतो, चल.

झाली गोष्ट. कुणी त्यांना आचारी म्हणतं, कुणी वेटर; पण १० आणि १५ हे आकडे मात्र सगळीकडे पक्के असतात. माझा या गोष्टीवर राग आहे. ती खोटी आहे म्हणून नाही. ती इतकी चटकदार आहे की १८ वर्षांचं काम तिनं गिळून टाकलं, म्हणून. साळुंके १९१३ला चित्रपटात आले आणि १९३१पर्यंत चित्रपटात होते. त्यातली पहिली दहाएक वर्षं कॅमेऱ्यासमोर, पुढची कॅमेऱ्यामागे. आपल्याला आठवतो तो फक्त पगारवाढीचा दिवस! एखाद्या माणसाची सबंध नोकरी त्याच्या नेमणूकपत्रावरून लिहावी, तशातला हा प्रकार आहे.

गोष्टीत एक अर्थ गुपचूप बसलेला असतो: बाई मिळाली नाही म्हणून बुवा घेतला, वेळ मारून नेली. हे कितपत खरं आहे ते जरा तपासू.

१९१३ साल मराठी माणसासाठी कसलं होतं? त्याच वर्षी बालगंधर्वांनी आपली गंधर्व नाटक मंडळी काढली. पुरुषानं शालू नेसून रंगमंचावर यावं आणि बायकांनी त्याच्या नेसण्याची, नथीची, अंबाड्याची नक्कल घरी करावी, असा तो काळ. स्त्रीपार्टी नट हा नाटक कंपनीचा कणा असायचा, नाइलाज नसायचा. आपल्याकडे गावोगाव गणपतीत, शिमग्यात, देवळाच्या जत्रेत जी नाटकं व्हायची त्यांतही हेच. इथे बसलेल्या सत्तरीपुढच्या मंडळींनी दाढी घोटून, ओठाला रंग लावून पेट्रोमॅक्सच्या उजेडात एन्ट्री घेणारी ‘सुमन’ किंवा ‘मालती’ पाहिलेली असेल. दुसऱ्या दिवशी तीच मालती होडी लोटताना दिसायची, आणि कुणाला त्यात काही विचित्र वाटत नसे.

म्हणजे पुरुषाची तारामती प्रेक्षकाला धक्का देणारी नव्हती. अडचण वेगळी होती, आणि ती साळुंक्यांच्या वाट्याला आली. नाटकातल्या स्त्रीपार्टी नटाचं निम्म्याहून जास्त राज्य गळ्यावर चालायचं. पद सुरू झालं की पुढच्या रांगेतला माणूसही समोर पुरुष आहे हे विसरायचा. मूकपटात गळाच काढून घेतलेला. वर नाटकाचा मऊ, पिवळा उजेड नाही; फाळक्यांचं चित्रण चालायचं भर उन्हात, कारण तेव्हाच्या फिल्मला तेवढा प्रकाश लागायचा. हनुवटीवरचा दाढीचा निळसर छाप लपवायला अंतर नाही, अंधार नाही, सूर नाही. राहिलं काय? चाल, मान, पदर आणि हात.

त्या फिल्मची आणखी एक खोड होती. तिला लाल रंग दिसत नसे. लाल ते सगळं काळं उमटायचं. आता विचार करा, मराठी घरातली सौभाग्यवती म्हणजे काय? कुंकू, लाल लुगडं, विड्यानं रंगलेले ओठ. हे सगळं पडद्यावर काळ्या डागासारखं आलं असतं. उलट आभाळाचा निळा पांढराफटक व्हायचा. त्यामुळे चेहरा कसा रंगवायचा, कुठलं पातळ नेसवायचं, हे डोळ्यांना काय दिसतं त्यावर ठरवून चालत नसे, फिल्मला काय दिसेल त्यावर ठरवावं लागे. नाटकातली रंगभूषा इथे कुचकामी होती. हे शास्त्र फाळके स्वतः शिकत होते, आणि प्रयोग चालले होते साळुंक्यांच्या चेहऱ्यावर.

त्या वेळच्या आठवणींत असं येतं की स्त्रीभूमिका करणाऱ्या पुरुषांना फाळके घरातही लुगडं नेसून वावरायला लावत, तांदूळ निवडायला बसवत. लोक हे हसून सांगतात. मला यात तालमीची पद्धत दिसते. तांदूळ निवडताना मान एका बाजूला जाते, पदर खांद्यावरून घसरतो, तो सावरायला हात आपोआप उठतो. ती सावरण्याची सवय लागली की पडद्यावर मुद्दाम करावं लागत नाही. मिशीचाही किस्सा आहे. मिशी उतरवायची ती बाप गेल्यावर, हा त्या काळचा दंडक. त्यामुळे मंडळी वस्तरा लावू देईनात आणि फाळक्यांना समजूत घालत बसावं लागलं. हा किस्सा विनोदी वाटतो, पण त्या माणसांना घरी, गावी परत जायचं होतं हे आपण विसरतो. भादरलेल्या ओठानं गावात शिरणं ही गंमत नव्हती.

हे सगळं बंगल्यात चालायचं. फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई सगळ्या माणसांचा स्वयंपाक बघायच्या, आणि रात्री अंधाऱ्या खोलीत फिल्मला भोकं पाडणं, ती धुणं यातही त्यांचे हात असायचे. दागिने मोडले होतेच. चित्रपटाचा धंदा म्हणजे काय हे लोकांना कळत नसल्यामुळे, कुणी विचारलं तर हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहे असं सांगा, असं फाळक्यांनी माणसांना बजावलं होतं. परेश मोकाशींनी २००९ साली केलेल्या चित्रपटाचं नाव त्यावरूनच आलं. बाहेरचं चित्रण कर्जतच्या वाटेवर वांगणीला झालं. ढाल-तलवारी घेतलेली ही टोळी पाहून गाव घाबरलं, दरोडेखोर समजून पोलिसांनी सगळ्यांना धरलं, आणि कॅमेरा चालवून दाखवल्यावर सुटका झाली, असं सांगतात. सहा महिने सत्तावीस दिवसांत ३,७०० फूट फिल्म तयार झाली. कॅमेरा होता त्र्यंबक तेलंगांच्या हातात.

त्या तारामतीत एक प्रसंग असा होता की आजही त्याची चर्चा होते. राणी सख्यांसह जलक्रीडा करते आहे, लुगडी ओली, आणि राजा तिला बोलवायला येतो. पाण्यातले सगळे पुरुष. पहिली नायिका, पहिलं स्नानदृश्य, दोन्ही साळुंक्यांच्या नावावर! ओलं लुगडं काही लपवत नाही. तरी त्यांनी ते निभावलं, आणि प्रेक्षकांनी हसून घालवलं नाही.

कॉरोनेशनच्या कार्यक्रमात ‘हरिश्चंद्रा’च्या जोडीला नाच, विनोदी प्रवेश आणि पायांनी वस्तू झेलणारा एक खेळाडूही होता. एवढा भरगच्च बेत, तरी लोक बोलले ते हरिश्चंद्राबद्दल. पुढे सुरतेला प्रेक्षक जमेनात तेव्हा फाळक्यांनी जाहिरात काढली: ५७ हजार छायाचित्रं, दोन मैल लांबीचं चित्र, आणि सगळं तीन आण्यांत. गुजराती गिऱ्हाईक त्यांनी बरोबर ओळखलं होतं.

आता मी ज्या मुद्द्यासाठी आज उभा आहे तो सांगतो. फाळक्यांच्या दुसऱ्याच चित्रपटात, ‘मोहिनी भस्मासुरा’त, बायका आल्या. दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमला मोहिनी झाली. याच पुढे कमलाबाई गोखले. चंद्रकांत गोखल्यांच्या आई, विक्रम गोखल्यांच्या आजी. म्हणजे ‘बाई मिळत नाही’ हे कारण वर्षाच्या आतच लंगडं झालं. मायलेकी नाटक कंपनीच्या होत्या, त्या रंगभूमीवर परत गेल्या, हेही खरं. पण वाट तर उघडली होती.

आणि तरीही १९१७ साली ‘लंकादहन’ करताना फाळक्यांनी सीता कुणाला दिली? अण्णा साळुंक्यांना. त्याच वर्षी ‘हरिश्चंद्र’ पुन्हा चित्रित केला, तेव्हा तारामती कोण? तेच. चार वर्षांनी फाळके आता नवखे नव्हते. नाशिकला त्यांचा कारखाना उभा राहिला होता, नाव झालं होतं. या वेळची निवड अडचणीपोटी केलेली म्हणता येत नाही. फाळक्यांना हा माणूस कामाचा वाटत होता, म्हणून घेतला. पंधरा रुपयांची गोष्ट इथे मोडून पडते.

बरं, ‘लंकादहना’त नुसती सीता नव्हती. राम कोण? साळुंके! भारतीय पडद्यावरची पहिली दुहेरी भूमिका म्हणून तिची नोंद होते. पुढे नायक आणि त्याचा जुळा भाऊ, शेतकरी आणि राजपुत्र असे किती डबल रोल आले. पण नवरा आणि बायको एकाच माणसानं, तेही राम आणि सीता, हे धाडस परत कुणी केलेलं मला आठवत नाही. जरा कथेकडे बघा म्हणजे फाळक्यांची हिशेबी बुद्धी कळते. सीताहरण झालं की राम इकडे, सीता अशोकवनात. चित्रपटाचा गाभाच विरहाचा आणि मारुतीच्या उड्डाणाचा. दोघांना एका चौकटीत आणायची वेळ फारशी येत नाही. रामाचे प्रसंग चित्रित करून झाले की किरीट उतरवायचा, लुगडं नेसायचं. मारुती झाले होते गणपत शिंदे.

वेस्ट एंड सिनेमात ‘लंकादहन’ लागला आणि सकाळी सातपासून मध्यरात्रीपर्यंत खेळ लावावे लागले. पुण्यात गर्दीनं दाराची मोडतोड होण्याची पाळी आली. मद्रासला तिकिटाची नाणी बैलगाडीत भरून पोलीस बंदोबस्तात न्यावी लागली, असं वर्णन येतं. पडद्यावर राम आला की प्रेक्षक पायातल्या वहाणा काढायचे. मला यातली गंमत अशी वाटते: ज्या देहाला पाहून माणसं वहाणा काढत, त्याच देहाची सीता झाली की तीच माणसं डोळे पुसत. खानावळीतून आलेल्या एका माणसानं एकाच अंधारात बसलेल्या लोकांकडून नमस्कारही घेतला आणि अश्रूही. त्या काळचा सर्वांत लोकप्रिय नट तोच आणि सर्वांत लोकप्रिय नटीही तोच, असं म्हटलं जायचं ते उगीच नाही.

अभिनय म्हणून हे कितपत चांगलं होतं? पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात ‘लंकादहना’चा एक तुकडा आहे. अशोकवनातली सीता, मारुती, आणि पुढे आग. त्यातली सीता पाहिली की दंड डोळ्यांत भरतात; १९१३चा सडपातळ पोरगा चार वर्षांत चांगलाच भरला होता. अभ्यासकांनी त्यावर टिप्पणी केलेली आहे आणि ती खोटी नाही. बालगंधर्वांचं लावण्य तिथे शोधू नका. पण बसण्यात एक आवरलेपण आहे. तेव्हाचे बहुतेक नट कॅमेऱ्यासमोर नाटकासारखे हात फेकतात. साळुंके हात अंगाजवळ ठेवतात. ‘हरिश्चंद्रा’च्या पहिल्या दृश्यात राजा मुलाला धनुर्विद्या शिकवतो आहे आणि तारामती जवळ उभी आहे. तिला काही करायचंच नाही. काही न करता कॅमेऱ्यासमोर उभं राहणं किती अवघड असतं ते लग्नाच्या व्हिडिओत सापडलेल्या प्रत्येकाला ठाऊक आहे. साळुंके ते करतात. मी त्यांना मोठा नट म्हणणार नाही. कॅमेरा काय मागतो हे लवकर कळलेला नट म्हणेन. आणि माझ्या मते त्यांच्या आयुष्याचा दुसरा भाग याच कळण्यातून निघाला.

१९१८ साली मुंबईच्या भांडवलदारांबरोबर फाळक्यांनी हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी काढली. भागीदारांशी पटेना म्हणून ते कंटाळून काशीला गेले, तिथे ‘रंगभूमी’ नावाचं नाटक लिहिलं, आणि १९२२च्या सुमारास परत आले. नाशिकचा कारखाना मधल्या काळात बंद पडला नव्हता; हाताशी तयार झालेली माणसं तो चालवत होती. १९२२चा ‘सत्यनारायण’ आणि १९२३चा ‘बुद्धदेव’ या दोन चित्रपटांत साळुंक्यांचं नाव नट म्हणून आहे आणि छायाचित्रणकार म्हणूनही आहे. ‘बुद्धदेव’ दिग्दर्शित केला होता गजानन सान्यांनी, म्हणजे पहिल्या चित्रपटातल्या विश्वामित्रानं. तारामतीला छळणारा विश्वामित्र दिग्दर्शक झाला आणि तारामती कॅमेऱ्यामागे गेली! त्यानंतर साळुंक्यांनी अभिनय सोडला आणि १९३१पर्यंत फक्त कॅमेरा चालवला.

कॅमेरा चालवणं म्हणजे तेव्हा शब्दशः हातानं चालवणं. बाजूला हँडल. एका फेऱ्यात आठ चौकटी, सेकंदाला दोन फेरे, म्हणजे सेकंदाला साधारण १६ चौकटी. हा वेग मोजणारं घड्याळ नाही. मनात ताल धरायचा. समोर कितीही पळापळ असो, हाताची लय वाढता कामा नये, नाहीतर पडद्यावर माणसं पाण्यातून चालल्यासारखी संथ होतात. उलट चमत्काराच्या प्रसंगात हँडल मुद्दाम थांबवायचं, नट बाजूला करायचा, पुन्हा सुरू करायचं, की देव अंतर्धान. फिल्म मागे फिरवून तिच्यावरच दुसऱ्यांदा चित्रण केलं की भूत दिसतं. हे सगळं त्या हातावर. जो हात चार वर्षं पदर सावरायला शिकला, तो आता ताल धरायला शिकला, आणि पदर सावरताना समोरच्याच्या मनगटात काय चाललं आहे हे त्या हाताला आतून माहीत होतं. दुसऱ्या कुठल्या छायाचित्रणकाराला हे माहीत असणार?

आपल्याकडे साळुंक्यांवर कुणी दोन ओळी लिहिल्या तर पावणेदोन ओळी तारामतीवर असतात. पुरुषानं बाईचं काम केलं ही बातमी. माणसानं आठ-नऊ वर्षं इमानेइतबारे कॅमेरा फिरवला ही बातमी नाही. आपल्या गुरुजींनी मात्र दुसरी ओळ आधी वाचली असती.

आणि आता मला अलिबागकडे येऊ द्या. आपल्या गावात एक वेधशाळा आहे. मुंबईत कुलाब्याला पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या नोंदी १८४१पासून घेतल्या जात होत्या. मुंबईच्या घोड्यांच्या ट्राम विजेवर चालायच्या ठरल्या. त्या विजेनं नोंदी बिघडणार म्हणून नानाभाई मूस यांनी वेधशाळेचं काम १९०४ साली इथे आणलं, आणि १९०६पर्यंत दोन्हीकडे एकाच वेळी नोंदी घेऊन त्या जुळतात याची खात्री केली. इथल्या इमारतीत लोखंड वापरलेलं नाही. आत आरशावरून परतलेला प्रकाशाचा ठिपका फोटोच्या कागदावर रेघ काढायचा. फोटोचाच कागद, तेच चांदीचे क्षार, तोच अंधार, तीच धुलाई; फाळक्यांच्या बंगल्यात चाललेली तीच विद्या. ३ मे १९१३ रोजी अलिबागच्या वेधशाळेत चुंबकाची सुई कशी हलली, हे आपण कागद काढून सांगू शकतो. त्याच दिवशी गिरगावात पडद्यावर नेमकं काय दिसलं, ते चार रिळांचं चित्र पूर्ण कुणाकडेच नाही.

‘राजा हरिश्चंद्रा’ची म्हणून पहिली आणि शेवटची अशी दोनच रिळं उरली, १,४७५ फूट. तीही १९१३ची नसून १९१७ला पुन्हा केलेल्या चित्रपटाची असावीत असं जाणकार अभ्यासकांचं मत आहे. तेव्हा आपण ‘पहिली नायिका’ म्हणून जो चेहरा बघतो तो बहुधा चार वर्षं अनुभव घेतलेल्या नटाचा आहे. मला ते आवडतं. उमेदवारीचा चेहरा गेला आणि मुरलेला उरला.

जुनी फिल्म नायट्रेटची. एकदा पेटली की पाण्याखालीही जळत राहते, न पेटली तर आपोआप चिकट होऊन भुकटी होते. मूकपट संपल्यावर त्यातल्या चांदीसाठी रिळं विकली गेली. भारतात तेराशेच्या वर मूकपट झाले असं मानतात, त्यांतले तिसाच्या आसपास, तेही बरेचसे तुकड्यांत, शिल्लक आहेत. पुण्यात २००३ला नायट्रेट फिल्मच्या कोठाराला आग लागली तेव्हा उरलेल्यातलंही बरंच गेलं. हे आपल्याच देशात झालं असं नाही. मूकपटांच्या जमान्यात स्वीडननं जगाला कॅमेऱ्याचं काम शिकवलं, ग्रेटा गार्बो तिथली. पण १९४१ साली स्टॉकहोमजवळ कोठारात स्फोट झाला आणि त्या काळच्या कितीतरी चित्रपटांच्या मूळ निगेटिव्ह नष्ट झाल्या. तिथलेही अनेक नट आज कागदावरच्या नामावळीत तेवढे उरलेत. फरक एवढाच की त्यांची नामावळी आपल्यापेक्षा व्यवस्थित आहे.

१४ मार्च १९३१ला मॅजेस्टिकमध्ये ‘आलम आरा’ लागला आणि पडदा बोलू लागला. हा चित्रपट लिहिला होता जोसेफ डेव्हिड यांनी. ते बेने इस्रायली, आडनाव पेणकर. आपल्या पेणचे! नवगावच्या किनाऱ्याला लागलेल्या गलबतातून आलेल्या, तेल गाळून शनिवारी घाणा बंद ठेवणाऱ्या ज्या समाजाला आपण शनवार तेली म्हणायचो, त्यांतले. पुढचे लाडके नट डेव्हिड, तेही चेऊलकर, म्हणजे चौलचे. साळुंक्यांच्या पहिल्या धंद्याला बोलपटानं काही केलं नसतं, तो त्यांनी आधीच सोडला होता. पण बोलपटाला कॅमेरा लागतो मोटरवर चालणारा, सेकंदाला २४ चौकटींच्या बंदिस्त वेगानं, कारण आवाज हाताच्या तालावर जुळत नाही. मनात ताल धरून हँडल फिरवणाऱ्या माणसांची विद्या हळूहळू मोडीत निघाली. साळुंक्यांचं नाव चित्रपटांच्या यादीतून त्याच वर्षी संपतं. पेणच्या आडनावाच्या माणसानं लिहिलेल्या चित्रपटानं ते दार लागलं, हा आपल्या जिल्ह्याचा या गोष्टीतला वाटा.

पुढच्याच वर्षी, ६ फेब्रुवारी १९३२ला, प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ आला. कथा तीच, हरिश्चंद्राची. तारामती झाल्या दुर्गा खोटे, चांगल्या घरच्या, शिकलेल्या, आणि त्या बोलतही होत्या, गातही होत्या. दुर्गाबाईंचं कौतुक झालं ते योग्यच झालं. पण १९ वर्षांपूर्वी त्याच राणीला डोंबाघाटी उभं करताना ज्यानं मिशी उतरवली होती, त्याची आठवण कुठल्या समीक्षकाला झाली असेल असं मला वाटत नाही.

वेळ झाली आहे, अध्यक्ष घड्याळ बघताहेत. एक काम सांगून थांबतो. या किनाऱ्यावर गणपतीतल्या, जत्रेतल्या नाटकांचे फोटो घराघरांत ट्रंकेत पडलेले आहेत. त्यांत नऊवारी नेसून उभे असलेले आपले आजोबा, मामा, काका आहेत. ते बघून आपण हसतो आणि परत ठेवतो. वाचनालयानं हे फोटो गोळा करून त्यांच्या प्रती काढायचं ठरवलं आहे. मूळ फोटो तुम्हाला परत मिळेल. आणण्यापूर्वी मागच्या बाजूला नाव, गाव, नाटक, साल, आणि भूमिका लिहा. पडदा कुणी ओढला, पेट्रोमॅक्स कुणी धरला, तेही ठाऊक असेल तर लिहा. पेनानं लिहू नका, शाई कागदातून चेहऱ्यापर्यंत उतरते. मऊ पेन्सिल घ्या आणि कडेला, हलक्या हातानं लिहा.